मोजायची पद्धत

"गेमचा विषय काढायचा नाही," आईनं पुण्याहून फोनवर बजावलं होतं. म्हणून कोरमंगलाच्या कॅफेत मुलगी बघायला आलेला शार्दूल अर्धा तास ट्रॅफिक आणि पाण्याचे टँकर यांवरच बोलत राहिला. पण टेबलावरच्या त्याच्या फोनच्या कव्हरवरचा जांभळा राक्षस कस्तुरीनं केव्हाच हेरला होता.

"राक्षस पकडायच्या गेममधला ना हा? सगळे गेम आहेत तुमच्याकडे?"

आता लपवण्यात अर्थ नव्हता. शाळेत असल्यापासून त्यानं एकही सोडला नव्हता. दर खेपेला एकच गेम दोन रंगांत यायचा आणि शार्दूल दोन्ही घ्यायचा.

"अडतीस," तो कॉफीच्या कपात बघत म्हणाला.

कस्तुरीच्या कपाळावर आठी पडली. ती मान खाली घालून बोटांवर काहीतरी मोजू लागली. संपलं, असं समजून शार्दूलनं वेटरला हात केला, "अण्णा, बिल."

"थांब, तू चुकीचं मोजलंस," कस्तुरी म्हणाली. "माझ्याकडेही सगळे आहेत आणि ते एकोणीसच भरतात."

"असं कसं?"


"आमच्याकडे जोडी एकच धरतात."