आमच्या विशेष प्रतिनिधीकडून

काटेकोरने त्याचा बदल चौथ्यांदा पुसला.

काटेकोर हा इंटरनेटवरच्या ज्ञानकोशाचा एक संपादक. खरं नाव कोणाला माहीत नाही; तिथे सगळे टोपणनावानेच भांडतात. लेख होता दरवर्षी टीव्हीवर दाखवतात त्या क्रीडा पुरस्कार सोहळ्याचा, आणि भांडण होतं विजेत्यांच्या यादीतल्या एका रकान्याचं. एकतीस वर्षांपूर्वीची सर्वोत्कृष्ट महिला खेळाडू म्हणून तिथे एका टेनिसवालीचं नाव होतं. एक निवृत्त क्रीडा वार्ताहर ते काढून एका गोळाफेकवालीचं नाव घालायचा. काटेकोर टेनिसवालीला परत आणून बसवायचा.

गोळाफेकवाली आतल्या खोलीत कपड्यांच्या घड्या घालत होती. ती या वार्ताहराची बायको होती.

अकरा आठवड्यांपूर्वी हा लेख तीन ओळींचा होता. डोक्यावर पाटी होती, ‘हा लेख अपूर्ण आहे’. मुलीने फोनवरून संपादन शिकवलं आणि या वार्ताहराने बाह्या सरसावल्या. सोहळ्याचा इतिहास लिहिला. निवड समित्या लिहिल्या. कोणत्या वर्षी कोणाच्या भाषणात माइक बंद पडला आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या, तेही लिहिलं. चौसष्ट संदर्भ जोडले. आता लेखाला ‘उत्तम लेख’ म्हणून तारा मिळायच्या बेतात होता. हा सगळा द्राविडी प्राणायाम त्या एका रकान्यासाठी होता, हे ताऱ्यावाल्यांना ठाऊक नव्हतं.

पुरावा म्हणून त्याने पुरस्काराच्या पितळी बाहुलीचा फोटो चढवला. स्वयंपाकघराची खिडकी आपटू नये म्हणून ती तिथे टेकून उभी असते. काटेकोरने लिहिलं, “घरातल्या वस्तू संदर्भ म्हणून चालत नाहीत. शिवाय त्या आपल्या पत्नी आहेत, असं आपणच जाहीर केलं आहे.”

दुसरं काही हाती लागत नव्हतं. त्या वर्षी पाहुण्यांचं भाषण इतकं लांबलं, की शेवटच्या पुरस्काराआधीच टीव्हीवर बातम्या सुरू झाल्या. आयोजकांच्या यादीत मागची दहाच वर्षं होती. इतर वर्तमानपत्रांचे जुने अंक वाळवीने मन लावून वाचले होते. उरलं एक कात्रण, टेनिसवालीच्या नावाचं. वर छापलेलं होतं, ‘आमच्या विशेष प्रतिनिधीकडून’.

या विशेष प्रतिनिधीला घरात मानाचं स्थान होतं. दूध उतू गेलं की बायको म्हणायची, “आले वाटतं विशेष प्रतिनिधी.” नळाला पाणी नसलं, रेडिओ खरखरला, कुकरची शिट्टी बसली, तरी कारभार विशेष प्रतिनिधीचाच. “मेल्याला दोन नावं धड ऐकू येत नव्हती,” असं म्हणून ती नवऱ्यापुढे चहा ठेवायची. नवरा चहा प्यायचा.

पाचव्या खेपेला काटेकोरने जरा नरमाईने लिहिलं. “आपलं खरं असेलही. पण इथे खरं नको, छापलेलं हवं.”

वाक्य ओळखीचं होतं. नव्या वार्ताहरांना तो स्वतः तीस वर्षं हेच ऐकवत आला होता.

त्याने संगणक बंद केला, इस्त्रीचा शर्ट चढवला आणि आपलं जुनं कार्यालय गाठलं. एकेकाळी त्याच्या हाताखाली असलेला माणूस आता संपादक होता. तो उठून उभा राहिला.

“सर, तुम्ही कशाला आलात, मला बोलवायचं.”

“एक दुरुस्ती छापायची आहे. एकतीस वर्षांपूर्वीची.”

संपादकाने कागद वाचला. पुन्हा वाचला. पान रात्री नऊला छपाईला सुटायचं, भाषण संपत नव्हतं, आणि टेनिसवालीच जिंकणार हे गावाला ठाऊक होतं. म्हणून निकाल लागायच्या आधीच प्रतिनिधी उठला आणि बातमी देऊन मोकळा झाला. दुसऱ्या दिवशी चूक कळली. दुरुस्ती उद्या देऊ, परवा देऊ, असं करत राहून गेली. कागदावर हे सगळं चार ओळींत होतं. खाली सही होती.

“नाव कशाला घालता, सर? ‘विशेष प्रतिनिधी’ पुरे की.”

“नाव घाल.”

“तुमच्या निरोप समारंभात मी भाषणात काय म्हणालो होतो, आठवतंय ना? सरांच्या बातमीची दुरुस्ती कधी छापावी लागली नाही.”

“मग तीही दुरुस्ती छाप.”

गुरुवारी ती सातव्या पानावर तळाशी आली, निविदा आणि ‘हरवले आहे’ यांच्यामध्ये. त्याने पासष्टावा संदर्भ जोडला. काटेकोरने सात मिनिटांत मंजुरी दिली आणि खाली एक शब्द लिहिला, “धन्यवाद.”

रकाना दुरुस्त झाला. आता जे काम तो एकतीस वर्षं टाळत होता, ते उरलं. निकालानंतर आठवड्याभरात तो तिची मुलाखत घ्यायला गेला होता, तेव्हाच सांगणार होता. मग लग्न ठरलं, आणि लग्न ठरल्यावर अशा गोष्टी कोण सांगतं?

वर्तमानपत्र घेऊन तो स्वयंपाकघरात गेला. सातवं पान वर येईल अशी घडी करून तिच्यासमोर ठेवली आणि उभाच राहिला.

तिने चष्मा लावला. चार ओळी वाचल्या. सही वाचली. मग खिडकीला टेकलेली बाहुली उचलून पदराने पुसली आणि तिच्या जागी वर्तमानपत्राची घडी कोंबली.

“अगं, तो विशेष प्रतिनिधी...”

“बसा,” ती म्हणाली. “त्या दिवशी तिसऱ्या रांगेतून घाईघाईने निघालात, ते माझ्याच पायावर पाय देऊन. एकतीस वर्षं शिव्या मी काय दुसऱ्या कोणाला घालत होते?”