स्वेटरचं माप

सप्टेंबरचा शेवटचा सामना संपला की गणवेश शिवणाऱ्या ऑलरॉइडबाई टेप घेऊन ड्रेसिंगरूममध्ये येतात. निवड समिती खेळाडूंची यादी नंतर लावते. पण पुढच्या मोसमात कोण राहणार ते टेपवरूनच कळतं. ज्याला काढलं, त्याच्या स्वेटरचं माप बाई घेत नाहीत. सोळा वर्षं मी या काउंटीसाठी बॅटिंगही केली, बोलिंगही; यंदा गुडघ्यानं दोन्हीची वाट लावली. बाईंनी मला ओलांडून शेजारच्या क्लेगचं माप घेतलं. “श्वास घे, म्हातारबा,” क्लेग कुजबुजला. बाई मागे वळल्या. “हात वर कर, बाळा.” टेप छातीभोवती आली. वाचलो, म्हणत मी डोळे मिटले. “प्रशिक्षकाचं जाकीट जरा सैलच ठेवते,” आकडा लिहीत बाई म्हणाल्या. माझे हात वरच राहिले. “म्हणजे तुला अजून सांगितलं नाही?” बाईंनी विचारलं. क्लेग वाकून बुटांच्या सुटलेल्याच नाड्या सोडू लागला.