खवीसदादा

"तुला यातलं ओ की ठो कळत नाही, हात लावू नकोस!" असं बायकोवर खेकसलो, त्याला आज बारा दिवस झाले. तेव्हापासून घरात अबोला आहे.

लॉक तोडलेल्या गेम कन्सोलवर मी पेनड्राइव्हवरून बाहेरच्या गेमचं पॅकेज टाकत होतो आणि ते दर वेळी अर्ध्यावर अडकत होतं. शेवटी कन्सोलवाल्यांच्या ऑनलाइन ग्रुपवर आमच्या टीव्हीचा, खाली लावलेल्या पेनड्राइव्हसकट, फोटो टाकला आणि खवीसदादांना साकडं घातलं. खवीसदादांना आजवर कुणी पाहिलेलं नाही. ते सगळ्यांची सालं काढतात, पण त्यांच्या शब्दाबाहेर ग्रुपवर कुणी जात नाही.

या वेळी उत्तर यायला जरा वेळ लागला.

"डोकं गहाण ठेवलंयस का? हा कन्सोल चौसष्ट जीबीचा पेनड्राइव्ह पूर्ण वाचत नाही. बत्तीसचा लाव."

"चुकलं, दादा. पण बत्तीसचा चार दिवस झाले सापडत नाहीये. बायकोनेच कुठेतरी टाकला असणार. त्या बाईला यातली अक्कल शून्य."



"सोफ्याखाली आहे. रोज केर काढताना दिसतो, रोज तिथेच राहू देते."