ताईची टेकडी

"ताई, डोळे मीट. मी सांगेपर्यंत उघडायचे नाहीत हं!"

गाडीतून उतरता उतरता धाकट्याने बजावलं. शहराच्या उद्यान खात्याचा प्रमुख झाला, केस पिकले, तरी बहिणीसमोर त्याचा पोरकटपणा काही जात नव्हता. तिने हसून डोळे मिटले. चार पावलं टाकली आणि पायाखाली मुरूम करकरला. हा आवाज तिच्या ओळखीचा होता.

"आता उघड!"

समोर तिचीच टेकडी होती. उतारभर नुकतेच खणलेले खड्डे, खड्ड्यांत सावलीच्या झाडांची रोपं आणि गुरांनी तोंड लावू नये म्हणून प्रत्येक रोपाभोवती काटेरी फांद्यांचं कुंपण.

"तू दर रविवारी इथे फिरायला येतेस ना? म्हटलं, आपली ताई या रखरखीत उन्हात तंगडतोड करते, तिच्या डोक्यावर जरा सावली हवी. सगळ्या शहरात हीच टेकडी निवडली, बघ."

फिरायला! जन्मभर वनस्पतिशास्त्र शिकवलेली बाई इथे फिरायला येत नव्हती. ती यायची एका दुर्मिळ काटेरी झुडपासाठी; ते आता फक्त याच उतारावर उरलं होतं. त्याला हा उघडा कातळ लागे, हेच भाजणारं ऊन लागे. जागा कळली तर हौशी लोक उपटून नेतील, या धास्तीने तिने ती कुणालाही सांगितली नव्हती. घरी विचारलं की "फिरायला जाते" हे उत्तर ठरलेलं. सख्ख्या भावालाही तेच. केवढी हुशारी!

"इथे आधी होतं ते कुठे गेलं?" तिने विचारलं.

"होतं काय? नुसतं खुरटं काटवण. मुळासकट काढलं, परत फुटायला नको. पण वाया नाही हं घालवलं. कुंपणाला तेच तर वापरलंय!"

तो अशा कौतुकाच्या आशेने बघत होता की तिला त्याच्यावर धड रागावताही येईना.

ती कुंपणाशी खाली बसली. फांद्यांना फळं धरली होती. एक जरी पिकलेलं सापडलं, तर बी मिळेल. तिने कोपरापर्यंत हात आत खुपसला. हिरवं. पलीकडचं, तेही हिरवं. एक फळ नखाने फोडलं. बी भरलंच नव्हतं, आत नुसता चीक होता. ती उठून शेजारच्या कुंपणाशी गेली. मग त्याच्या पुढच्या.

"अगं, काय करतेस हे! रक्त आलं बघ." धाकटा धावत आला. त्याने आपला रुमाल तिच्या हाताला बांधला. "चल, पहिलं पाणी तुझ्या हातचं. फोटोवाला खोळंबलाय."

माळ्याने तिच्या हातात झारी दिली. सगळे टाळ्या वाजवू लागले. तिने झारी कलती केली. पाणी कुंपणाच्या फांद्यांवर पडू लागलं आणि तिथेच पडत राहिलं.

"ताई, रोपाला घाल, रोपाला!" धाकटा खो खो हसत सुटला. "त्या काट्यांना पाणी घालून आता काय उपयोग?"