आठवा फॉर्मा

वरणाच्या पातेल्यावरचं झाकण खडखडलं आणि अनसूयेच्या हातातला खून अर्धाच राहिला.

ती उठली नाही. उठून चाललंही नसतं. मागच्या पडवीत तिची घोंगडी वेगळी, लोटा वेगळा, ताट वेगळं. आज बाजूला बसण्याचा दुसरा दिवस.

"आई, पातेलं!" तिनं बसल्या जागेवरून हाक मारली.

आत माळ धरून पेंगलेल्या सासूबाई दचकल्या. "ऐकलं गं. बस तू तिथंच मुडदे पाडत."

महिन्यातले हे तीन दिवसच तर तिचे होते. चूल नाही, पाणी भरणं नाही. असे दिवस जोडून जोडून एकेक पुस्तक व्हायचं. छापखान्यात टाइप कमी, म्हणून जेवढं लिहून होई तेवढं छापून टाइप मोकळा करत. सोळा सोळा पानांचा एकेक फॉर्मा. मुखपृष्ठावर पिस्तूल, खाली तिच्याऐवजी नाव कॅप्टन दिगंबर, आणि त्याखाली बारीक टायपात : 'लेखक पोलीस ॲक्शनमध्ये लढलेले आहेत.' अनसूयेनं निजामावरची ती पोलीस ॲक्शन पाहिली होती माजघरात, खिडक्या लावून.

चार हात लांब शकू बसली होती. आईच्या मांडीवर जायचं नाही, म्हणून तिनं बाहुलीलाही मांडीवर घेतलं नव्हतं. आपल्यापासून लांब, भिंतीशी बसवलं होतं.

बोळातलं दार वाजलं. बद्रीनाथशेठ, गुलमंडीतल्या छापखान्याचे मालक, नेहमी मागच्या दारानंच येत. कॅप्टनचं घर कोणाला कळायला नको.

"वहिनी, झाला का आठवा फॉर्मा?"

"शेवटचं पान राहिलंय."

"मग बरं झालं. एक बदल करा." शेठ बाहेरच पायरीवर टेकले. "वकिलाच्या बायकोचा खून सैपाकिणीच्या गळ्यात घाला. वकिलाला सोडा."

"का म्हणून?"

"पुस्तक घेणारे कोण? वकील, मास्तर, कचेरीतली माणसं. नवराच खुनी निघाला तर घरी कोण नेईल? बायका धास्ती घेतील."

"बायकांना धास्ती नवी नाही, शेठ."

शेठ हसले. मग हसू आवरलं. "हे बघा, कॅप्टनचं नाव छापखान्याचं हाये. तुम्ही नाय म्हणलात तर शेवट दुसऱ्याकडनं लिहून घेतो. म्होरली पुस्तकंबी. लई जण तयार हायेत."

ते खरं होतं. उद्या कॅप्टन दुसऱ्या कुणाचा झाला, की हे तीन दिवस पुन्हा नुसते बसायचे दिवस होणार होते. अनसूयेनं पेनाला टोपण लावलं.

"घ्या लिहून," ती म्हणाली. "पण सात फॉर्मे छापून झालेत. तिसऱ्यात वकिलाची बायको मरायच्या आदल्या संध्याकाळी कुठं बसलीय?"

"मागच्या ओसरीत. घोंगडीवर. त्याचं काय?"

"शेजारी काय आहे?"

"लोटा. ताट."

"आणि सहाव्यात वकील फौजदाराला काय सांगतो? त्याच रात्री ती स्वतः उठली, स्वयंपाकघरात गेली, विष निघालं ते दूध तापवून प्याली." अनसूया थांबली. "जाईल कशी ती स्वयंपाकघरात?"

शेठनी तिच्या घोंगडीकडं पाहिलं. लोट्याकडं पाहिलं. आणि चटकन नजर बोळाकडं वळवली.

"मी वाचलं," ते हळूच म्हणाले. "कंपोझिटरनं जुळवलं. मास्तरांनी प्रुफं तपासली. कोणाच्या ध्यानात नाय आलं." मग एकदम आठवल्यासारखं : "परवा आमच्या मंडळींनी छापलेली पानं वाचली. म्हणल्या, ह्यो वकील मेला खोटं बोलतोय. मी म्हणलं, तुला काय कळतंय त्यातलं!"

अनसूयेनं टोपण काढलं आणि शेवटचं पान पुरं करायला घेतलं. शेठ बसून राहिले. पेनाची कुरकुर तेवढी ऐकू येत होती. शेवटच्या ओळीखाली तिनं एक नाव लिहिलं, कागद सारखे केले आणि हातात न देता उंबऱ्यावर ठेवले.

शेठनी वाकून वाचलं. "अनसूया श्रीधर... वहिनी, हे छापलं तर कॅप्टन मेला."

"मरू द्या. लोक विचारणारच, कॅप्टनला लोट्याचं कसं कळलं. सांगा, ते अनसूयेला माहीत होतं."

"श्रीधरपंत काय म्हणतील?"

"त्यांना मी सांगेन."

"आणि नाव नाय छापलं तर?"

"तर ही पानं इथंच राहतील. वकिलाला मग दुसऱ्या कुणाकडनं पकडवून घ्या."

शेठ उठले. कागदांकडं हात गेला आणि मधेच थांबला. आतून सासूबाई ओरडल्या, "कोण आहे गं? शिवू नका म्हणावं त्या कागदांना!"

"अंघोळीचं माझं मी बघतो, माई," शेठ म्हणाले आणि त्यांनी कागद उचलले. सगळे. नावाचं पानही.

बोळातलं दार लागलं. अनसूयेला वाटलं, शकूला उचलावं आणि गरगर फिरवावं. हात पुढं झालेसुद्धा. तसेच मागं आले.

शकू तिच्याकडं टक लावून बघत होती.

"आई, वकिलाची बायको बाजूला बसली नसती, तर तो सापडला नसता ना?"

"नसता, बाळा."

शकूनं काडी घेतली आणि भिंतीशी बसवलेल्या बाहुलीला आणखी थोडं लांब सारलं.

"मग मी मोठी झाले की मलापण बसवणार का तू?"