तबकडीवरची शिट्टी

दिनांक २ मार्च २०२५, रविवार, सकाळची वेळ. स्थळ काशीद, प्रज्योतचे घर. दिघीची मनुबाई मावशी या घराची पायरी आज प्रथमच चढली होती.

प्रज्योत चार वर्षांचा असताना त्याची आई दिघीच्या खाडीत बुडाली. तिला नवऱ्यानेच लोटले, असे मावशी तेव्हापासून म्हणत आली. नवऱ्याच्या, म्हणजे गणराजांच्या, बाजूने एकच साक्ष होती: मुंबईत झालेल्या एका विलायती रॉक मैफलीची तबकडी. वेष्टनावर छापले होते, ‘अखेरचा कार्यक्रम, १४ डिसेंबर १९८६’. आई बुडाली ती हीच संध्याकाळ. शेवटच्या गाण्यानंतर टाळ्यांमधून एक शिट्टी उठे. मधेच तुटून पुन्हा चढणारी. गणराज लाँच चालवणारे सारंग असताना अशीच शिट्टी देत. तबकडी बाजारात आली, साऱ्या बंदराने शिट्टी ओळखली, त्या संध्याकाळी ते मुंबईत होते असे ठरले आणि गणराज सुटले.

मावशीने मात्र ती कधी कानांवर पडू दिली नव्हती. आपल्या लेकीच्या लग्नात तिने यावे, म्हणून प्रज्योतने तिला आणले होते. जुन्या तबकड्या डिजिटल करणे हा त्याचा व्यवसाय. ही त्याने स्वतः धुतली, नवी सुई लावली आणि अतिशय सूक्ष्म प्रतीचे ध्वनिमुद्रण केले. मूळ आवाजातले काहीही गाळायचे नाही, हा त्याचा दंडक.

“कशाला रे आता?” गणराज म्हणाले. “होऊन गेलं ते.”

“बाबा, एकदा ऐकू दे तिला. मग तुमचं नाव घेणं सोडेल.”

“सोडीन की,” मनुबाई म्हणाली. “पन जोरात लाव, मला कमी ऐकू येतं. आनि एवढ्या तारा कशाला रं मेल्या? मांडव घातलायस काय?”

शिट्टी वाजली. प्रज्योतने हसून मावशीकडे पाहिले. टाळ्या विरू लागल्या, तसा त्याने तिच्यासाठी आवाज वाढवत नेला. एरवी जिथे नुसती खरखर उरे, तिथे दूरचा निवेदक बोलू लागला: “कल आखिरी शो है. टिकट गेट पर मिलेगा.”

प्रज्योतचा हात जागीच थांबला. निरनिराळ्या रात्रींची गाणी जोडून वेष्टनावर एकच तारीख छापतात, हे तो गिऱ्हाइकांना नेहमी सांगे. घरातल्या तबकडीविषयी तसा विचार त्याच्या मनाला कधी शिवला नव्हता.

“बंद कर ते,” गणराज म्हणाले.

मनुबाई उठली.

“शिट्टी ह्याचीच हाय,” ती म्हणाली, “पन आदल्या रातीची.”