पोलीस परत घ्या

"मला मारायला तुम्हीच माणूस धाडलाय, साहेब!" बेळगावच्या भरल्या कोर्टात ब्राह्मीनं तोंड उघडलं ते असं. न्यायाधीश साहेब चपापले. निपाणीकडच्या या एकट्या विधवेला गेल्याच महिन्यात त्यांनी हुकूम करून पोलीस दिला होता, कारण सावकार तिला दारात येऊन सांगून गेला होता, "घर सोड, न्हायतर घरासकट पेटवीन."

'पोलीस परत घ्या' असा तिचा अर्ज हातात धरून कोर्टाचा शिरस्तेदार खेकसला, "नाही दिला तर रडायचं, दिला तर नको! हे कोर्ट आहे का आठवडी बाजार?"

साहेबांनी त्याला हातानं गप्प केलं. "पोलीस आला ना, बाई?"

"आला की. पर एकट्या बाईच्या सोप्यात परका गडी निजणार कसा? गावात सरकारी माणूस उतरतो तो सावकाराच्या वाड्यात. पाटलानं ह्यालाबी तिथंच उतरवला."

मागं कुणीतरी फिदीफिदी हसलं. ब्राह्मीनं वळूनसुद्धा बघितलं नाही.

"रोज दिवेलागणीला मी जिती हाय का बघाय पोलीस येतो, नि संगट पाय मोकळं कराय म्हणून सावकार. काल सावकार थेट आत आला, चुलीतलं पेटतं लाकूड हातात घिऊन बसला. पोलीस भाईर तंबाखू मळत हुता. आदी सावकार एकटाच यायचा, तवा मी आतनं अडसर घालीत हुते. आता सरकारच्या नावानं कडी वाजती. घरी गेले की परत वाजंल. उघडू का नको, तेवढं सांगा, साहेब!"